करार दोघांचा, अर्थ कोणाचा?

परदेशी गेलेला मुलगा, मुलगी किंवा भाचा-पुतण्या नाही असे घर आता आपल्या हैदराबादच्या मराठी मंडळींत शोधावे लागेल. कोणी न्यू जर्सीत आहे, कोणी दुबईत, कोणी झुरिकमध्ये. इथे त्यांचे एनआरओ खाते असते, काही शेअर असतात, भाड्याने दिलेला एखादा फ्लॅट असतो. त्यामुळे ‘डीटीएए’ हा शब्द आता फक्त चार्टर्ड अकाउंटंटच्या टेबलावरचा राहिलेला नाही. दुहेरी करआकारणी टाळण्याचा करार हा त्याचा अर्थ. एकाच उत्पन्नावर दोन देशांनी पूर्ण कर घेऊ नये, आणि घेतलाच तर एका देशात भरलेला कर दुसऱ्याने वळता करून द्यावा, एवढा त्याचा साधा हेतू. भारताचे असे करार नव्वदहून अधिक देशांशी आहेत.

करार सरकारे करतात, पण वाद झाला की त्यातील शब्दांचा अर्थ न्यायालय लावते. गेल्या काही वर्षांत आपल्या सर्वोच्च न्यायालयाने या क्षेत्रात दोन फार महत्त्वाचे निकाल दिले. एक ऑक्टोबर २०२३ मधला नेस्ले प्रकरणाचा, दुसरा जानेवारी २०२६ मधला टायगर ग्लोबल प्रकरणाचा. दोन्ही निकाल सरकारच्या बाजूने लागले. पहिल्या निकालानंतर तर स्वित्झर्लंडने आपल्याला दिलेली सवलत काढून घेतली. देशाच्या न्यायालयाने आपल्या सरकारच्या बाजूने निकाल द्यावा आणि त्याचा भुर्दंड आपल्याच कंपन्यांना परदेशात पडावा, हे वरकरणी चमत्कारिक वाटते. ते का घडले, ते समजून घेण्यासाठी हा लेख. मी वकील नाही. बी.कॉम. होऊन बँकेत आयुष्य काढलेला माणूस आहे, पण करारातला एक शब्द इकडचा तिकडे झाला की रक्कम कशी बदलते, हे बँकेच्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही.

कायदा मोठा की करार?

सरकारने परदेशाशी करार केला म्हणजे तो आपोआप देशाचा कायदा होत नाही. राज्यघटनेच्या कलम २५३ नुसार करार अंमलात आणण्यासाठी कायदा करण्याचा अधिकार संसदेला आहे. करकरारांसाठी प्रत्येक वेळी संसदेत जावे लागू नये म्हणून आयकर कायदा, १९६१ च्या कलम ९० मध्ये कायमची सोय करून ठेवली होती. केंद्र सरकारने करार करावा, राजपत्रात अधिसूचना काढावी, की तो लागू. १ एप्रिल २०२६ पासून लागू झालेल्या नव्या आयकर कायद्यातही ही व्यवस्था तशीच आहे.

त्याच कलमात करदात्याच्या दृष्टीने सोन्यासारखे एक वाक्य होते: करार आणि कायदा यांपैकी जे करदात्याला अधिक फायद्याचे, ते लागू. एक उदाहरण घेऊ. अनिवासी भारतीयाला एनआरओ ठेवीवर १ लाख रुपये व्याज मिळाले. कायद्याप्रमाणे बँक ३० टक्के कर आणि त्यावर ४ टक्के उपकर कापणार, म्हणजे ३१,२०० रुपये. तोच माणूस अमेरिकेचा करनिवासी असेल आणि कागदपत्रे पूर्ण असतील, तर करारातील १५ टक्के दराने १५,००० रुपये. संयुक्त अरब अमिरातीचा असेल तर १२.५ टक्क्यांनी १२,५०० रुपये. ठेव तीच, व्याज तेच, बँकही तीच. फरक फक्त कराराचा.

करार कायद्यावर मात करतो, हे सुरुवातीच्या काळात ठामपणे सांगणाऱ्या निकालांपैकी एक आपल्याच शहरातला आहे. विशाखापट्टणम बंदराला यंत्रसामग्री पुरवणाऱ्या एका जर्मन कंपनीच्या प्रकरणात १९८३ साली आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने सांगितले की, करारात स्पष्ट तरतूद असेल तिथे आयकर कायद्याची सर्वसाधारण तरतूद मागे सरते. करारातील शब्दांचा अर्थ लावताना त्या न्यायालयाने ओईसीडी या संघटनेच्या नमुना करारावरील टिप्पणीचाही आधार घेतला. पुढे देशभरच्या न्यायालयांनी ती वाट धरली.

शब्द वाचायचे कसे?

ज्यांनी लेटर ऑफ क्रेडिटचे काम पाहिले आहे त्यांना ‘यूसीपी ६००’ ठाऊक असेल. आंतरराष्ट्रीय वाणिज्य मंडळाची ही नियमावली १ जुलै २००७ पासून लागू आहे. एल.सी.मध्ये रकमेपुढे ‘अबाउट’ असे लिहिले तर त्याचा अर्थ दहा टक्के इकडे किंवा तिकडे, हे तिथे ठरलेले आहे. हैदराबादच्या बँकेत आणि हॅम्बुर्गच्या बँकेत तो शब्द एकाच अर्थाने वाचला जातो. म्हणूनच एकमेकांचे तोंडही न पाहिलेल्या बँका कोट्यवधींचे व्यवहार करतात.

करकरारांना असे एक सर्वमान्य आणि बंधनकारक पुस्तक नाही. त्यातल्या त्यात जवळचे म्हणजे १९६९ चा व्हिएन्ना करार. करारांचा अर्थ कसा लावावा, हे त्यात सांगितले आहे. करार सद्भावनेने वाचावा. शब्दांचा नेहमीचा अर्थ घ्यावा, पण तो संदर्भ आणि कराराचा हेतू ध्यानात ठेवून. करारानंतर दोन्ही देश प्रत्यक्षात कसे वागले, हेही पाहावे. भारत या व्हिएन्ना कराराचा सदस्य नाही, तरीही रूढ आंतरराष्ट्रीय कायदा म्हणून आपली न्यायालये त्यातील तत्त्वे विचारात घेतात. ओईसीडीच्या टिप्पणीचेही तसेच. भारत ओईसीडीचा सदस्य नाही, आणि तिच्यातील अनेक मुद्द्यांवर त्याने आपले वेगळे मत नोंदवून ठेवले आहे. न्यायालये ती वाचतात, पण तिला बांधलेली नाहीत.

याचा परिणाम असा की, एकच वाक्य दिल्लीत एका अर्थाने आणि बर्नमध्ये दुसऱ्या अर्थाने वाचले जाऊ शकते, आणि दोघेही आपापल्या जागी बरोबर असू शकतात.

दोन शब्दांची गोष्ट

करारांत जागोजागी एक वाक्प्रयोग येतो: अमुक उत्पन्नावर अमुक देशात ‘मे बी टॅक्स्ड’, म्हणजे कर ‘आकारता येईल’. आता हा ‘येईल’ कसा घ्यायचा? फक्त त्याच देशाला, की त्या देशालाही?

तमिळनाडूतील कुलंदगन चेट्टियार यांच्या फर्मची मलेशियात रबराची लागवड होती. तिचे उत्पन्न आणि तिथली मालमत्ता विकून झालेला नफा यांवर भारतात कर लागतो का, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २००४ साली न्यायालयाने करदात्याच्या बाजूने निकाल दिला: मलेशियाला कर घेता येईल असे करार म्हणतो, तेव्हा भारताने तो घ्यायचा नाही.

सरकारला हे मान्य नव्हते. करारात व्याख्या नसलेल्या शब्दाचा अर्थ अधिसूचनेने ठरवण्याचा अधिकार तोवर आयकर कायद्यात आला होता. त्याचा वापर करून २८ ऑगस्ट २००८ च्या अधिसूचनेत सांगण्यात आले की, ‘मे बी टॅक्स्ड’ म्हणजे ते उत्पन्न भारतातही धरले जाईल आणि बाहेर भरलेल्या कराची सूट करारात सांगितलेल्या पद्धतीने मिळेल. परदेशात घर भाड्याने देऊन भारतात परतलेल्या आपल्या मंडळींना दोन्हीकडे विवरणपत्र भरावे लागते, त्यामागे हे दोन शब्द आहेत.

इथे मुद्दा सरकार बरोबर की न्यायालय बरोबर, हा नाही. दोघांनी मिळून लिहिलेल्या शब्दाचा अर्थ एका बाजूने अधिसूचना काढून ठरवला, हे लक्षात ठेवायचे. पुढे तोच धागा येणार आहे.

संसदेने कायदा बदलला, तर करार बदलतो का?

या प्रश्नाचे उत्तरही आधी हैदराबादेतूनच आले. शांता बायोटेक्निक्स ही आपल्या शहरातली लस बनवणारी कंपनी. तिचे बहुसंख्य शेअर शानएच नावाच्या एका फ्रेंच कंपनीकडे होते. २००९ साली त्या फ्रेंच कंपनीचेच शेअर तिच्या फ्रेंच मालकांनी सानोफीला विकले. आयकर खात्याचे म्हणणे असे की, विक्री फ्रान्समध्ये झाली असली तरी मालमत्ता खरी हैदराबादेतली आहे, म्हणून कर भारतात द्या. मधल्या काळात व्होडाफोन प्रकरणात सरकार हरले आणि २०१२ च्या वित्त कायद्याने अशा अप्रत्यक्ष विक्रीवर थेट १९६२ पासून पूर्वलक्षी प्रभावाने कर लावण्याची तरतूद आली.

फेब्रुवारी २०१३ मध्ये आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने सानोफीच्या बाजूने निकाल दिला. मधली फ्रेंच कंपनी खोटी नाही, विकले गेले ते तिचे शेअर, आणि भारत-फ्रान्स करारानुसार त्या नफ्यावर कराचा अधिकार फ्रान्सचा. संसदेने आपल्या कायद्यात पूर्वलक्षी दुरुस्ती केली म्हणून फ्रान्सशी केलेल्या करारातील शब्दांचा अर्थ बदलत नाही.

हेच तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने २ मार्च २०२१ रोजी इंजिनीअरिंग अॅनालिसिस प्रकरणात आणखी ठळकपणे मांडले. परदेशी कंपनीकडून तयार सॉफ्टवेअर घेतले तर दिलेली किंमत ‘रॉयल्टी’ ठरते का, हा वाद होता. शंभरहून अधिक अपिले एकत्र ऐकली गेली. न्यायालय म्हणाले, पुस्तक विकत घेणारा त्याचे स्वामित्वहक्क विकत घेत नाही, तसेच हे. २०१२ च्या दुरुस्तीने कायद्यातील रॉयल्टीची व्याख्या कितीही रुंद केली, तरी करारातील व्याख्या अरुंद आहे आणि करदात्याला तीच मिळेल. म्हणजे २०२१ पर्यंत दिशा स्पष्ट होती: करार दोघांचा आहे, एकट्याने कायदा बदलून तो बदलता येत नाही.

मॉरिशसचा दरवाजा

दुसरा धागा मॉरिशसचा. १९८२ साली झालेल्या करारानुसार मॉरिशसच्या कंपनीने भारतीय शेअर विकून मिळवलेल्या नफ्यावर कर फक्त मॉरिशसने घ्यायचा. आणि मॉरिशसमध्ये भांडवली नफ्यावर कर नव्हता. मग जगभरचा पैसा मॉरिशसमार्गे भारतात येऊ लागला, यात नवल काय? एप्रिल २००० मध्ये केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने परिपत्रक ७८९ काढून सांगितले की, मॉरिशस सरकारचा करनिवासी दाखला पुरेसा पुरावा धरा. आझादी बचाओ आंदोलनाने त्याला आव्हान दिले. दिल्ली उच्च न्यायालयाने २००२ मध्ये परिपत्रक रद्द केले, पण ऑक्टोबर २००३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा उभे केले. निकाल लिहिला न्या. श्रीकृष्ण यांनी. विकसनशील देश गुंतवणूक यावी म्हणून अशी दारे जाणूनबुजून उघडी ठेवतात, ती बंद करायची की नाही हे सरकारने ठरवावे, न्यायालयाने नव्हे, असा त्याचा मथितार्थ.

सरकारने ते दार शेवटी रीतसर बंद केले. मे २०१६ मध्ये मॉरिशसशी बोलणी करून करारात दुरुस्ती झाली. १ एप्रिल २०१७ पासून घेतलेल्या शेअरवर कर भारतात, त्यापूर्वी घेतलेल्यांना जुनीच सवलत. माझ्या मते योग्य मार्ग तो हाच. दोघांनी केलेला करार दोघांनी बसून बदलला, तारीख ठरवली, जुन्यांना संरक्षण दिले.

जानेवारी २०२६ चा टायगर ग्लोबल निकाल या पार्श्वभूमीवर वाचायला हवा. या गुंतवणूकदाराच्या मॉरिशसमधील कंपन्यांनी फ्लिपकार्टच्या सिंगापूरच्या मूळ कंपनीचे शेअर २०१८ मध्ये वॉलमार्टच्या समूहाला विकले. शेअर २०१७ च्या आधी घेतलेले होते. ऑगस्ट २०२४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने सवलत मान्य केली, सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. नुसता करनिवासी दाखला आता पुरेसा नाही, कंपनीचा कारभार खरोखर कोठून आणि कोणाच्या हाताने चालतो ते पाहिले जाईल, असा त्याचा रोख आहे. निव्वळ कर चुकवण्यासाठी उभ्या केलेल्या पोकळ कंपन्यांबद्दल मला ममत्व नाही. नियमित पगारातून कर कापून घेतलेल्या माणसाला ते असण्याचे कारणही नाही. पण वीस-बावीस वर्षे ज्या दाखल्यावर सगळे विसंबून राहिले, त्याचे वजन एका निकालाने कमी झाले, हेही खरे आहे.

‘इज’ म्हणजे कधी?

आता नेस्ले प्रकरण. सगळा वाद इंग्रजीतील ‘इज’ या एका क्रियापदाचा.

नेदरलँड्स, फ्रान्स आणि स्वित्झर्लंड यांच्याशी झालेल्या करारांना जोडलेल्या पुरवणीत ‘सर्वाधिक पसंतीचे राष्ट्र’ असे एक कलम आहे. बाजारातल्या भाषेत सांगायचे तर, ‘उद्या शेजाऱ्याला स्वस्तात दिलेस तर मलाही त्याच भावाने द्यायचे.’ भारताने पुढे ओईसीडीचा सदस्य ‘असलेल्या’ तिसऱ्या देशाशी करार करून लाभांशावरचा कर कमी केला, तर तोच कमी दर या देशांनाही मिळेल, असे ते कलम.

या तिघांशी लाभांशाचा दर होता १० टक्के. पुढे भारताने स्लोव्हेनिया, लिथुआनिया आणि कोलंबिया यांच्याशी करार केले आणि त्यांत ५ टक्के दर आला. पण हे करार झाले तेव्हा तिघांपैकी एकही देश ओईसीडीचा सदस्य नव्हता. स्लोव्हेनिया २०१० मध्ये सदस्य झाला, लिथुआनिया २०१८ मध्ये, कोलंबिया २०२० मध्ये.

मग ‘सदस्य असलेला देश’ म्हणजे केव्हा असलेला? भारताशी करार करताना असलेला, की आज कर कापताना असलेला? कंपन्या म्हणाल्या, आज असलेला. २०२१ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने हे मानले. नेदरलँड्सने २०१२ मध्येच तसा आदेश काढून आपल्या बाजूने कमी दर लागू केला होता, हे त्या न्यायालयाने विचारात घेतले. स्वित्झर्लंडनेही ऑगस्ट २०२१ मध्ये तसेच जाहीर केले.

१९ ऑक्टोबर २०२३ रोजी न्या. एस. रवींद्र भट आणि न्या. दीपांकर दत्ता यांच्या खंडपीठाने हा निकाल फिरवला. दोन गोष्टी ठरल्या. पहिली, अशी सवलत आपोआप लागू होत नाही, भारत सरकारने स्वतंत्र अधिसूचना काढावी लागते. नेदरलँड्स आणि फ्रान्सच्या बाबतीत पूर्वी अशा अधिसूचना निघाल्या होत्या, त्यामुळे ही भारताची चालत आलेली रीत आहे. दुसरी, ‘इज’ म्हणजे तिसऱ्या देशाचा भारताशी करार झाला त्या वेळी सदस्य असणे. समोरच्या देशाने एकतर्फी काय जाहीर केले, ते भारतावर बंधनकारक नाही.

आकडा पाहा. परदेशी मालक कंपनीला भारतातून १०० कोटी रुपये लाभांश गेला, तर एका अर्थाने कर ५ कोटी आणि दुसऱ्या अर्थाने १० कोटी.

बर्नहून आलेले उत्तर

११ डिसेंबर २०२४ रोजी स्वित्झर्लंडने निवेदन काढले. भारत हे कलम आमच्याप्रमाणे वाचत नसेल, तर परस्परता उरत नाही, म्हणून १ जानेवारी २०२५ पासून आम्हीही ५ टक्क्यांची सवलत थांबवतो आणि १० टक्क्यांवर परत जातो. म्हणजे स्वित्झर्लंडमधील कंपनीकडून लाभांश घेणाऱ्या भारतीय कंपनीला आता तिथे दुप्पट दराने कर.

आपल्याकडे काहींनी याला सूड म्हटले. मला तसे वाटत नाही. करार हा देवाणघेवाणीचा कागद आहे. एकाने घट्ट वाचला की दुसराही घट्ट वाचतो. देशाच्या कायद्याचा अर्थ लावताना न्यायालयाचा शब्द शेवटचा असतो. कराराच्या बाबतीत तो शेवटचा नसतो, कारण समोर दुसरे सार्वभौम सरकार बसलेले असते आणि त्याच्या हातातही तोच कागद असतो.

मग चूक कोणाची?

नेस्ले निकालाचा पहिला भाग मला पटतो. कोणत्या तारखेपासून कोणता दर, हे राजपत्रात लिहिलेले असले पाहिजे. कर कापण्याची जबाबदारी पैसे देणाऱ्यावर असते. काउंटरवरच्या अधिकाऱ्याने स्लोव्हेनिया ओईसीडीचा सदस्य कधी झाला याचा शोध घेऊन दर ठरवावा, ही अपेक्षा व्यवहारात चालणारी नाही. अधिसूचना हवीच.

दुसरा भाग मात्र दोन्ही बाजूंनी वाचता येतो, आणि इथे माझा रोख न्यायालयापेक्षा सरकारवर आहे. स्लोव्हेनिया सदस्य झाला २०१० मध्ये, नेदरलँड्सने आपला अर्थ जाहीर केला २०१२ मध्ये. आपल्या प्रत्यक्ष कर मंडळाने आपली भूमिका परिपत्रकाने मांडली ती फेब्रुवारी २०२२ मध्ये. मधली वर्षे गप्प का? एक कारण समजण्यासारखे आहे: २०२० पर्यंत लाभांशावरचा कर कंपनीच भरत असे, भागधारकाला तो लागत नसे, त्यामुळे लाभांशापुरता प्रश्न पेटलेला नव्हता. पण आग लागलेली नाही म्हणून विहीर खणायची नाही, हा कारभार नव्हे. जवळजवळ प्रत्येक करारात परस्पर सहमतीची प्रक्रिया असते. दोन देशांच्या अधिकाऱ्यांनी बसून शब्दाचा अर्थ ठरवावा, म्हणून तर ती आहे. मॉरिशसच्या बाबतीत २०१६ मध्ये आपण समोरासमोर बसून दुरुस्ती केली. ‘इज’ साठी ते झाले नाही, आणि दोन सरकारांनी बोलून सोडवायचा प्रश्न न्यायालयाला शब्दकोश उघडून सोडवावा लागला.

दुसरे असे की, भारत आता फक्त पैसा घेणारा देश राहिलेला नाही. आपल्या कंपन्या बाहेर कारखाने घेतात, आपली मुले बाहेर कमावतात. १९८२ मध्ये करार करताना भारत एका खुर्चीत बसलेला होता, आता तो दोन्ही खुर्च्यांत बसतो. आज परदेशी कंपनीकडून पाच टक्के जास्त वसूल करणारा अर्थ उद्या आपल्याच माणसाच्या अंगावर येऊ शकतो. तिजोरीत किती आले, एवढाच हिशेब मांडून चालणार नाही, बाहेर किती गेले तेही त्याच पानावर लिहायला हवे.

आपण काय ध्यानात घ्यावे?

आपल्यापैकी कोणी नेस्ले नाही. तरी या निकालांतून घरगुती व्यवहारालाही काही धडे मिळतात.

पहिला: करारातील सवलत आपोआप मिळत नाही. परदेशातील मुलाने त्या देशाचा करनिवासी दाखला त्या-त्या वर्षाचा घ्यावा आणि बँकेने मागितलेले स्वयंघोषणेचे कागद वेळेवर द्यावेत. व्याज जमा होण्याआधी कागद गेले तर कपात कमी दराने होते. नंतर गेले तर परताव्यासाठी विवरणपत्र भरून थांबावे लागते.

दुसरा: दाखला हवाच, पण नुसत्या दाखल्यावर विसंबू नये. माणूस खरोखर तिथे राहतो आणि कमावतो, हे दाखवणारे कागद जपून ठेवावेत: पासपोर्टवरचे शिक्के, पगाराच्या पावत्या, घरभाड्याचा करार. टायगर ग्लोबलचा निकाल मोठ्या गुंतवणूकदाराचा असला तरी अशा निकालानंतर चौकशीची सवय खालपर्यंत झिरपते.

तिसरा: एका देशाच्या कराराबद्दल ऐकलेले दुसऱ्या देशाला लावू नये. अमेरिकेचा दर वेगळा, अमिरातीचा वेगळा, जर्मनीचा वेगळा. व्हॉट्सअॅपवर फिरणाऱ्या तक्त्यावर विसंबण्यापेक्षा अधिसूचित करार आयकर खात्याच्या संकेतस्थळावर पाहावा किंवा आपल्या चार्टर्ड अकाउंटंटला विचारावे.

चौथा: बाहेर भरलेल्या कराची सूट भारतात हवी असेल, तर तिकडच्या कराचा पुरावा आणि त्यासाठीचा फॉर्म मुदतीत जोडावा. ‘मे बी टॅक्स्ड’ मुळे उत्पन्न दोन्हीकडे दाखवावे लागते, पण कर दोनदा पूर्ण भरावा लागत नाही. ही वजावट कागदाशिवाय मिळत नाही, हे पुष्कळांना नोटीस आल्यावर कळते.

येत्या काळात अनेक देशांशी असलेले जुने करार पुन्हा टेबलावर येतील, असे मला वाटते. त्या वेळी आपल्या अधिकाऱ्यांनी तारखा, व्याख्या आणि ‘केव्हापासून’ हे शब्द इतके नेमके लिहावेत की, ‘इज’ म्हणजे कधी, हे विचारायला कोणाला सर्वोच्च न्यायालयात जावे लागू नये. कर्जाचा दस्तऐवज करताना आम्ही बँकेतही हेच पाहत असू. सही होण्यापूर्वी एक तास जास्त गेला तर बिघडत नाही, पुढची दहा वर्षे कोर्टात जाण्यापेक्षा ते परवडते.